भाड्याने आजी मिळेल

जुना इंग्रजी चित्रपट पाहायला बसलो की माझं लक्ष नायक-नायिकेवर फार वेळ ठरत नाही. त्यांचं पुढं काय व्हायचं ते पहिल्या दहा मिनिटांत कळलेलं असतं. दोघं आधी भांडणार, मग पावसात नाहीतर बोटीवर एकमेकांना भेटणार, आणि शेवटी व्हायोलिनं एकदम चढ्या आवाजात वाजू लागली की आपण पाणी प्यायला उठायला हरकत नाही. माझा जीव अडकतो तो दार उघडणाऱ्या बटलरमध्ये, हॉटेलच्या काउंटरवरच्या संशयी कारकुनात, आणि 'बाईसाहेब घरी नाहीत' एवढं एकच वाक्य बोलून कायमची नाहीशी होणाऱ्या मोलकरणीत. सौ.चं म्हणणं, "तुमचं लग्नातसुद्धा असंच असतं. नवरा-नवरी कोण ते दारावरच्या पाटीवर वाचता आणि आचारी कोण म्हणून मागच्या दारी चौकशीला जाता." आता तुम्हीच सांगा, आचारी बिघडला तर ते लग्न कुणी चांगल्या शब्दांत आठवतं का?

तर या सवयीपायी मला एक म्हातारी भेटली. मुलानं टीव्हीला इंटरनेट जोडून दिल्यापासून आमच्याकडे रात्री जेवणानंतर १९३०-४० सालचं हॉलिवूड नांदतं. त्यात ज्या त्या चित्रपटात ही म्हातारी हजर. अंगानं पाखराएवढी. चेहरा खारकेसारखा सुरकुतलेला. डोळे मात्र असे, की समोरच्यानं खिशात काय लपवलंय ते न विचारताच दिसावं. जुन्या वाड्यात कमरेला किल्ल्यांचा जुडगा लावून एक आजी वावरायची आणि तिच्या नुसत्या खाकरण्यानं सगळी सुनामंडळी पदर सावरायची, ती जात. श्रेयनामावलीत तिचं नाव चौथं, सहावं, कधी नववं. मारिया उस्पेन्स्काया. आपण लहानपणापासून 'धृष्टद्युम्न' म्हणत आलेली माणसं, आपल्याला त्या नावाचं भय नाही. अमेरिकन मंडळींची मात्र जीभ वळत नसावी. तिथं त्यांना सगळे 'मादाम' म्हणत. मी आपला 'बाई' म्हणतो. त्या खरोखरीच शाळेतल्या बाई होत्या, पण ते पुढे येईल.

बाईंच्या भूमिका पाहत गेलो आणि हॉलिवूडचा भूगोल माझ्या ध्यानात आला. त्या भूगोलात जगात देश दोनच. एक अमेरिका आणि दुसरा 'अमेरिका नव्हे'. (इंग्लंड हे चुलत घर, त्याची गणती वेगळी.) जो कुणी 'अमेरिका नव्हे'मधून आला त्याला त्या प्रदेशातलं कुठलंही माणूस करता येतं, अशी निर्मात्यांची पक्की समजूत. त्यामुळं या रशियन बाई १९३६ साली व्हिएन्नाच्या सरदारीण झाल्या. १९३७ साली 'कॉन्क्वेस्ट'मध्ये पोलंडच्या भ्रमिष्ट काउंटेस झाल्या. तिथं त्या नेपोलियनबरोबर पत्ते खेळतात, समोर कोण बसलाय याचा त्यांना पत्ता नसतो, आणि लबाडी केली म्हणून त्या सम्राटाला चांगल्या झापतात. तो नेपोलियन म्हणजे शार्ल बॉये. दोनच वर्षांनी 'लव्ह अफेअर'मध्ये बाई त्याच बॉयेच्या आजी होऊन मदीरा बेटावर राहायला गेल्या. १९४० साली 'वॉटर्लू ब्रिज'मध्ये व्हिव्हियन ली बिचारीला छळणारी बॅलेची मास्तरीण. त्याच वर्षी 'द मॉर्टल स्टॉर्म'मध्ये जर्मनीतल्या डोंगरात शेतावर राहणारी आई, आणि मुलगा कोण, तर जेम्स स्ट्यूअर्ट! पेनसिल्व्हेनियाचा तो सहा फूट तीन इंची उमेदवार या पाखराच्या शेजारी उभा राहतो आणि दोघं जर्मन मायलेक आहेत यावर आपण विश्वास ठेवायचा. आपण ठेवतोही, कारण बाई त्याच्याकडे ज्या नजरेनं पाहतात ती आईची असते. बाकीचं मग आपण चालवून घेतो.

'द शांघाय जेश्चर'मध्ये (१९४१) त्यांना चिनी दाई केलं आणि जवळजवळ बोलूच दिलं नाही. एवढ्या बाईंना घ्यायचं आणि तोंड बंद ठेवायला सांगायचं, हे म्हणजे भीमसेन जोशींना बोलावून तंबोरा लावायला बसवण्यासारखं. आणि १९४५ साली, वयाच्या एकोणसत्तरीच्या आसपास, 'टारझन अँड द ॲमेझॉन्स'मध्ये त्या लढवय्या ॲमेझॉन बायकांच्या राणी झाल्या. भोवती धिप्पाड तरुणी भाले घेऊन उभ्या, आणि सिंहासनावर आजी.

थोडक्यात काय, स्टुडिओच्या दारावर 'परदेशी आजी भाड्याने मिळेल' अशी पाटी लावायचंच तेवढं बाकी होतं. देश कुठलाही सांगा, उच्चार एकच, पोशाख कोठीतून मिळेल.

आता ही आजी मुळात कोण होती ते सांगितलं पाहिजे, नाहीतर या थट्टेला अर्थ नाही.

बाईंचा जन्म १८७६ सालचा, रशियातल्या तुला गावचा. आधी वॉर्साला गाणं शिकल्या, मग मॉस्कोला नाटक. १९११ साली त्या मॉस्को आर्ट थिएटरमध्ये गेल्या. म्हणजे साक्षात स्टॅनिस्लाव्हस्कींच्या घरात. आपल्याकडच्या नाटकवाल्यांना हे नाव सांगायला नको. नाट्यशिबिरात पहिल्या दिवशी हे नाव घेतल्याशिवाय चहा मिळत नाही. भूमिका ही वरून रंगवायची नसते, आतून उगवायची असते, आणि रंगमंचावर खोटं बोलायचं नाही, असं काहीतरी भयंकर त्या माणसानं जगाला सांगितलं आणि तेव्हापासून नट मंडळी शांत झोपलेली नाहीत.

१९२३ साली ही नाटकमंडळी अमेरिकेच्या दौऱ्यावर आली. दौरा संपवून मंडळी परत गेली, बाई राहिल्या. अमेरिकेत पाऊल ठेवलं तेव्हा वय ४६. आपल्याकडे या वयाचा माणूस दुसऱ्या पेठेत बिऱ्हाड हलवायचं म्हटलं तरी महिनाभर कण्हतो. बाईंनी देश बदलला, भाषा बदलली, आणि नटीचा सगळा जीव भाषेत असतो. गळा कापून घेऊन गायला बसण्यासारखंच हे. तिथं त्यांचेच जुने सहकारी रिचर्ड बोलेस्लाव्हस्की यांनी १९२३ मध्येच न्यूयॉर्कला अमेरिकन लॅबोरेटरी थिएटर काढलं होतं. बाई तिथं शिकवू लागल्या. १९२९ साली त्यांनी स्वतःची शाळा काढली. आणि शाळा म्हटली की पुढचं आपल्याला सांगायला नको. मुलं येतात, फी येत नाही, जागेचं भाडं मात्र थांबत नाही. शाळेची पैशाची ओढाताण हे त्यांच्या सिनेमात जाण्याचं एक कारण होतं. म्हणजे जगातल्या सगळ्या देशांच्या आज्या मारियाबाईंनी केल्या त्या निम्म्या तरी शाळेच्या भाड्यासाठी. मराठी शाळांचे संस्थापक हे वाचून मान डोलावतील.

पहिला अमेरिकन चित्रपट 'डॉड्सवर्थ', १९३६. वय पूर्ण ६०. आपल्याकडे साठाव्या वर्षी माणसाला पाटावर बसवून षष्ट्यब्दिपूर्ती करतात, शाल-नारळ देतात आणि आता हरिनाम घ्यावं असं सूचित करतात. बाईंनी त्या वर्षी हॉलिवूडमध्ये पदार्पण केलं.

नाटकात हीच भूमिका त्यांनी ब्रॉडवेवर केली होती, तीच पडद्यावर आणली. काम किती? जेमतेम चार-पाच मिनिटं. फ्रॅन डॉड्सवर्थ ही श्रीमंत अमेरिकन बाई, चाळिशी ओलांडलेली पण ते न कबूल करणारी, नवऱ्याला सोडून व्हिएन्नाच्या एका तरुण, कफल्लक सरदारपुत्राशी लग्न करायला निघालेली आहे. त्या मुलाची आई तिला भेटायला येते. बस्स, एवढंच. काळे कपडे, ताठ कणा, हळू आवाज. हा सीन चालू असताना सौ. पोळ्यांचं पीठ भिजवता भिजवता बाहेर आली आणि म्हणाली, "अहो, हा तर बघण्याचा कार्यक्रम आहे!" अगदी खरं. कांदेपोहे तेवढे नाहीत. म्हातारी आवाज चढवत नाही, अपमानाचा एक शब्द काढत नाही. घटस्फोट आमच्या धर्माला चालत नाही, असं सांगते. माझ्या मुलाला मुलंबाळं हवीत, आपल्याला होतील का, असं सौम्यपणे विचारते. आणि मग तरुण नवऱ्याच्या प्रौढ बायकोला फारसं सुख मिळत नसतं, अशा अर्थाचं काहीतरी बोलते. तेव्हा रूथ चॅटरटनचा चेहरा आपल्या डोळ्यांदेखत म्हातारा होतो. चॅटरटनचं काम सुंदरच आहे, पण तो चेहरा म्हातारा केला तो बाईंनी. आणि गंमत म्हणजे, म्हातारी दुष्ट वाटत नाही. तिला त्या बाईची दयाच आलेली असते. दुष्ट सासू कुणीही करील. दया करून मोडून टाकणारी सासू करायला मॉस्कोहून यावं लागतं.

सौ. पीठ तसंच हातावर घेऊन उभी होती. "माझ्या मामेसासूबाई अशाच होत्या," एवढंच म्हणून ती आत गेली. कोणत्या मामेसासूबाई ते मी विचारलं नाही. संसारात काही प्रश्न न विचारण्यातच शहाणपण असतं.

सहायक भूमिकांसाठी ऑस्कर देण्याची प्रथा त्याच वर्षीच्या चित्रपटांपासून सुरू झाली, आणि पहिल्याच यादीत बाईंचं नाव होतं. बक्षीस गेल सोंडरगार्डला मिळालं. त्या काळी सहायक नटनट्यांना बक्षीस मिळालं तरी तो सोनेरी पुतळा मिळत नसे, एक पाटी देत. सहायकाला बक्षीससुद्धा सहायकच. पुतळा द्यायला लागले ते १९४३ पासून. १९३९ च्या 'लव्ह अफेअर'साठी बाईंना पुन्हा नामांकन मिळालं. त्यातही काम थोडंच. नातू बोटीवर जमलेली मैत्रीण घेऊन डोंगरावरच्या घरी येतो, आजी पियानो वाजवते, ती मुलगी गाते, तिला आजीची पांढरी शाल आवडते. एका दुपारपुरती आजी, पण उरलेल्या चित्रपटभर तिची आठवण पुरते. त्या वर्षीचं बक्षीस 'गॉन विथ द विंड'मधल्या हॅटी मॅक्डॅनियलला मिळालं. ऑस्कर मिळवणारी ती पहिली कृष्णवर्णीय कलावंत, आणि तिला त्या समारंभात इतरांपासून वेगळ्या टेबलावर बसवलं होतं. बाईंना निदान टेबल वेगळं नव्हतं, एवढं समाधान.

दोनदा हुकलं खरं. पण या गोष्टीला पुढं एक शेपूट आहे आणि मला ते फार आवडतं. न्यूयॉर्कला बाईंच्या हाताखाली जी पोरं शिकली त्यांत ली स्ट्रासबर्ग आणि स्टेला ॲडलर ही दोन नावं होती. दोघंही पुढं एवढे मोठे गुरू झाले की हॉलिवूडचा निम्मा अभिनय त्यांच्या ओसरीवर वाढला. मार्लन ब्रँडो हा ॲडलरबाईंचा चेला. म्हणजे आपल्याकडच्या घराण्यांच्या हिशेबात ब्रँडो हा मारियाबाईंचा पणतू नव्हे, सख्खा नातू. तर १९७४ सालच्या 'गॉडफादर'च्या दुसऱ्या भागात हे स्ट्रासबर्ग मास्तर स्वतः उतरले, आणि त्यांना सहायक भूमिकेसाठी नामांकन मिळालं. बक्षीस मात्र त्याच चित्रपटासाठी, इटलीहून अमेरिकेत आलेल्या तरुणाचं काम करणाऱ्या रॉबर्ट डी नीरोला मिळालं. डी नीरो कुणाकडे शिकला होता? स्टेला ॲडलरकडे. मास्तरांना हरवलं ते गुरुभगिनीच्या शिष्यानं. बक्षीस घराण्याबाहेर गेलं नाही, फक्त एका पोराच्या हातातून दुसऱ्याच्या हातात गेलं. हॉलिवूडनं आजी भाड्यानं घेतली होती, आणि ती खरोखरीच त्यांची आजी निघाली!

आता थोडं आपल्या घरचं. १९३९ सालच्याच 'द रेन्स केम'मध्ये बाई हिंदुस्थानातल्या रांचीपूर संस्थानच्या महाराणी झाल्या. रांचीपूर नकाशात शोधू नका. ही लुई ब्रॉमफिल्डची १९३७ सालची कादंबरी. हा अमेरिकन लेखक बडोद्याला राहून गेला होता, आणि रांचीपूर बेतलं आहे ते बडोद्यावरून. म्हणजे महाराजांच्या मागे सयाजीराव गायकवाड, आणि महाराणींच्या मागे देवासच्या माहेरच्या चिमणाबाई. बाई आणि चिमणाबाई वयानं एकाच पिढीच्या. तुला गावची रशियन नटी कॅलिफोर्नियात बसून एका मराठमोळ्या राणीची छाया झाली, या गोष्टीचा मला उगाचच अभिमान वाटतो. चिमणाबाईंनी १९११ साली हिंदी स्त्रियांच्या स्थितीवर एका सहलेखकाबरोबर इंग्रजीत पुस्तक लिहिलं होतं, आणि १९२७ साली पुण्यात अखिल भारतीय महिला परिषदेचं पहिलं अधिवेशन भरलं तेव्हा त्या अध्यक्ष होत्या. अशा बाईंची भूमिका करायची तर डोळ्यांत ते तेज पाहिजे.

चित्रपट पाहाल तर हसून घ्या आधी. टायरोन पॉवर डोक्याला फेटा आणि तोंडाला तपकिरी रंग लावून हिंदी डॉक्टर झालाय. शाळेच्या स्नेहसंमेलनात मॉनिटरला शिवाजी करतात तसा दिसतो. महाराज झालेला एच. बी. वॉर्नर हा इंग्रज नट पूर्वी येशू ख्रिस्त झाला होता, त्यामुळं दरबारात बसूनही तो क्षमा करायच्याच बेतात असतो. पाऊस मात्र खरा वाटतो, पूर आणि भूकंपही. त्या वर्षी स्पेशल इफेक्ट्सचं ऑस्कर 'गॉन विथ द विंड' आणि 'द विझर्ड ऑफ ऑझ' यांना मागे टाकून या रांचीपूरच्या पुरानं नेलं. आणि या सगळ्या ओल्या फजितीत बाई कोरड्या, ताठ बसलेल्या असतात. साडी कुणी नेसवली होती देव जाणे. पण नवरा गेल्यावर राज्य हाती घेणारी ती म्हातारी समोर आली की पहिल्यांदा वाटतं, हां, ही आपली. शेजारी बसलेल्या परदेशी पाहुण्यांचा स्वभाव चहा येईपर्यंत ओळखणारी आणि तो गिळून गोड हसणारी. झारचं राज्य बुडालेल्या देशातून आलेल्या बाई त्या. राजेपण जाताना कसं दिसतं, हे त्यांना कुणी शिकवायची गरज नव्हती.

भूमिका लहान नसते असा एक उपदेश नाटकवाल्यांत फार प्रचलित आहे. माझं निरीक्षण असं की, तो नेहमी राजाचं काम करणारा नट भालदाराचं काम करणाऱ्याला करतो. भालदारानं राजाला केलेला मी ऐकलेला नाही. बाईंच्या बाबतीतही त्यात मी पडत नाही. चार मिनिटं ही चारच मिनिटं असतात. 'शांघाय जेश्चर'मधली त्यांची दाई मी मन लावून पाहिली आणि वाया गेलेली वेळ वायाच गेलेली दिसली. टारझनपटातही तसंच. मात्र तिथंही त्या डुलक्या काढत नाहीत. समोर कंबरेला चामडं गुंडाळलेला जॉनी वाइसम्युलर उभा आहे (तोही मूळचा परदेशीच, आजच्या रुमानियात जन्मलेला), संवाद तिसरी इयत्तेच्या पुस्तकातले आहेत, आणि बाई त्याला अशा गांभीर्यानं न्याय देताहेत की ॲमेझॉनचं सर्वोच्च न्यायालय तेच असावं.

१९४९ च्या डिसेंबरात बाई गेल्या. अंथरुणात सिगारेट ओढताना घराला आग लागली, भाजल्या, त्यातच पक्षाघाताचा झटका आला. वय ७३. त्याच वर्षी त्यांचा शेवटचा चित्रपट लागला होता.

आज मात्र त्यांचं नाव काढलं की लोकांना ना व्हिएन्ना आठवते ना रांचीपूर. आठवतो तो लांडगा. १९४१ सालचा 'द वुल्फ मॅन'. युनिव्हर्सल स्टुडिओनं कॅलिफोर्नियात बांधलेलं वेल्समधलं एक गाव, त्यात भरपूर धुकं, आणि केस फुटून लांडगा होणारा लॉन चेनी. त्यात जिप्सींचा तांडा येतो. बाई त्यातल्या मालेवा. त्यांचा मुलगा बेला, आणि त्याचं काम करणारा बेला लुगोसी, हंगेरीतून आलेला, स्वतः ड्रॅक्युला म्हणून गाजलेला. मायलेकांच्या वयातलं अंतर सहा वर्षं! चित्रपट लिहिणारा कर्ट सिओडमॅक जर्मनीतला ज्यू, नाझी आले तेव्हा देश सोडून निघालेला. लांडगामाणसाबद्दलची एक कविता त्यानं या चित्रपटासाठी टेबलाशी बसून लिहिली, आणि ती शेकडो वर्षांची लोकपरंपरा आहे असं लोक पुढं समजत राहिले. म्हणजे रशियातून आलेली आई, हंगेरीतून आलेला मुलगा, जर्मनीतून आलेला लेखक, आणि ही सगळी मिळून ज्या लोकांची गोष्ट सांगताहेत त्या लोकांना कुठलंच गाव नाही.

बेला मरतो. मालेवा त्याच्या शवपेटीशी येऊन उभी राहते आणि चार शब्द बोलते. रडत नाही. वाकून, हलक्या आवाजात, झोपलेल्या मुलाला सांगावं तसं. तुझी वाट काट्याकुट्यांची होती, यात तुझा दोष नव्हता, आता दुखणं संपलं, अशा आशयाचं. बाजूला मेणबत्त्या, पुठ्ठ्याच्या भिंती, खोटं धुकं. भयपट पाहून हसणारा आमचा मुलगा त्या वेळी हसला नाही. पुढं चेनी मरतो तेव्हाही तीच बाई घोडागाडीतून उतरते, तेच शब्द म्हणते, आणि लांडग्याचा पुन्हा माणूस होतो.

अर्थात पैसा मिळवणारा चित्रपट म्हणजे नट मेले तरी पात्राला मरू देत नाहीत. दोन वर्षांनी १९४३ साली लांडगामाणूस थडग्यातून उठला, आणि या वेळी फ्रँकनस्टाइनच्या राक्षसाशी त्याची गाठ घालून द्यायची ठरली. उठल्यावर तो कुणाकडे जातो? शोधत शोधत मालेवाकडे. तिचा मुलगा जिच्यामुळं गेला ती काठी याच माणसाच्या हातात होती. मालेवा सगळं ओळखून असते. ती त्याला पोटच्या पोरासारखं जवळ घेते, गाडी जोडते, आणि त्याच्यावर कुणी उपाय करू शकेल का हे पाहायला त्याला घेऊन परक्या देशाच्या रस्त्याला लागते.